त्रेसष्टावं पान

४ तारीख, सोमवार

ही वही मी कामाच्या याद्या करायला आणली होती. पहिल्याच पानावर भलतंच लिहावं लागतंय, पण हे सांगायचं तरी कोणाला? पोथीघरात सांगितलं तर बोभाटा होईल, आणि घरात सांगितलं तर बाबा दोन दिवस जेवायचे नाहीत.

आज त्रेसष्टाव्या पानाची शेवटची ओळ फिकी निघाली. त्रेसष्टावं पान आमचं आहे. म्हणजे बाबांचं.

नीट क्रमाने लिहिते, तेवढंच डोकं थाऱ्यावर येईल. पोथीची पानं दोनशे चार. शाई चारशे वर्षांची आणि ती वाचनावर जगते. महिन्यातून एकदा पान मोठ्याने वाचलं गेलं की शाई काळीभोर राहते, नाही वाचलं तर हळूहळू उडून जाते. नक्कल करून ठेवावी म्हटलं तर दुसऱ्या दिवशी नकलेचा कागद कोरा. आजवर शंभर शहाण्यांनी हे करून पाहिलं आणि शंभर जण तोंड पाडून घरी गेले. म्हणून एकेक पान एकेका घराकडे दिलेलं. त्या घरातला वाचक ठरल्या दिवशी येतो, आपल्या बाकावर बसतो, आपलं पान वाचतो आणि जातो. दुसऱ्या कोणी त्या पानावर नजरसुद्धा टाकायची नाही. नजर गेली की ओठ हलतात, आणि परका आवाज लागला की शाई बिथरते, असं जुनी माणसं सांगत आली.

आम्ही तपासनीससुद्धा पान पालथं धरतो. मागून दिवा लावला की ओळी नुसत्या काळ्या पट्ट्यांसारख्या दिसतात. शेजारी रंगपट्टी धरायची, गडद की फिकी ते लिहायचं. आणि वाचन चालू असताना आवाज ऐकायचा. घसा बसलाय का, दम लागतोय का, अडखळतंय का कोणी. अर्थ आमच्या डोक्यात शिरत नाही, कारण भाषा जुनी आणि दालनात एका वेळी सहा वाचक. सव्वीस वर्षं झाली या कामाला. पोथीतलं एक अक्षर मी डोळ्यांनी पाहिलेलं नाही.

आमच्या पानावर एकवीस ओळी आहेत. गावाच्या पूर्वेला एकेकाळी दलदल होती, ती पायी कशी ओलांडायची हे त्यात आहे, एवढं बाबांनी लहानपणी सांगितलं होतं. दलदल आटून दोनशे वर्षं झाली. तिथे आता कापडबाजार भरतो.

५ तारीख, मंगळवार

ओल असणार. दुसरं काय? बाबांच्या पानाची पेटी उत्तरेच्या भिंतीला आहे. सुताराला बोलावून पेटी दोन हात पुढे ओढून घेतली, खाली नवे पाय ठोकले. त्याने विचारलं, "बाई, एकाच पेटीला का?" मी म्हटलं, तुला सांगितलं तेवढं कर. उगाच बिचाऱ्यावर खेकसले.

घरी आले तर बाबा चहा ओतत होते. कपाच्या आत बोट घालून. बोटाला चहा लागला की थांबायचं, अशी नवीच तऱ्हा. मी म्हटलं, "बाबा, बोटं कसली घालता कपात? कोणी पाहिलं तर काय म्हणेल?" तर म्हणाले, "तुझ्या घरात कोण येतंय पाहायला?" शहात्तराव्या वर्षी माणूस असा हट्टी होतो. आयुष्यभर शिंपीकाम केलं, कोटाच्या बाहीला एक टाका वाकडा गेला तर अख्खी बाही उसवायचे, आणि आता हे.

११ तारीख, सोमवार

बाबांना म्हटलं, या महिन्यात दर सोमवारी वाचा, पेटी हलवली आहे ना, शाईला जागा नवी आहे. खरं काही सांगितलं नाही. ते खूश झाले. पोथीघरात जायचं म्हटलं की आदल्या संध्याकाळी कोटाला ब्रश मारून ठेवतात.

वाटेत माझा दंड धरून चालले. हल्ली दंड धरल्याशिवाय रस्त्याला लागत नाहीत. मला बरं वाटतं, खोटं कशाला बोलू. आई गेल्यापासून त्यांनी कोणाच्या खांद्यावर हातसुद्धा ठेवलेला नव्हता.

वाचन काय सुंदर झालं! बाकीचे वाचक बोट ठेवून एकेक ओळ खाली उतरतात, ठेचकाळतात, मागे जातात. बाबा हात मांडीवर ठेवून, मान सरळ, पानाकडे तोंड करून बसले आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत कुठे अडखळणं नाही की खोकणं नाही. नवीन वाचकांना मी त्यांचाच दाखला देते. वाचावं तर असं.

वाचन झाल्यावर पान पालथं करून दिवा लावला. शेवटची ओळ गेली होती, तिच्या वरच्या दोन फिक्या. मी दिवा जवळ नेऊन पुन्हा पाहिलं. बाबा दारात उभे राहून विचारत होते, "काळी आहे ना गं?" मी म्हटलं, काळीभोर.

१८ तारीख, सोमवार

पुन्हा वाचन. पुन्हा तसंच निर्दोष. पाच ओळी गेल्या.

आता लपवणं शक्य नव्हतं. कारभाऱ्यांनी स्वतः दिवा लावून पाहिलं. पोथीघराचे कारभारी मितभाषी माणूस, रागावत नाहीत, त्यामुळे जास्तच भीती वाटते. म्हणाले, "तपासनीस बाई, नियम तुम्हाला मी सांगायला नको." नियम असा, की अर्ध्याहून अधिक ओळी गेल्या की समिती बसते आणि पान मृत म्हणून लिहिते. घराची पाटी बाकावरून काढतात. या वेगाने ओळी गेल्या तर समिती पुढच्या महिन्याच्या सोळा तारखेला बसेल.

"आणि कारण तुम्हीच लिहायचं," कारभारी म्हणाले, "तपासनीस तुम्ही आहात."

मला कुलूपवाल्या काकू आठवल्या. दोन वर्षांपूर्वी त्यांचं एकशे बारावं पान असंच गेलं. गल्लीच्या टोकाला त्यांच्या यजमानांचं कुलपांचं दुकान होतं, ते तरुणपणीच गेले, तेव्हापासून पानही काकूच वाचायच्या. त्याही अस्खलित वाचायच्या. आवाजात काहीच दोष सापडेना, तेव्हा मी अशा वेळी जे लिहितात ते लिहिलं, 'वाचकाच्या मनात पानाविषयी ओलावा उरलेला नाही.' जुन्या नोंदींत हेच वाक्य असतं. काकू समितीसमोर काही बोलल्या नाहीत. पाटी काढली तेव्हा तिचे खिळे मात्र मागून घेतले.

बाबांबद्दल असं वाक्य मी कसं लिहू? त्यांच्याइतका ओलावा या गावात कोणाच्या मनात आहे?

२२ तारीख, शुक्रवार

घसाच असणार. माणूस म्हातारा झाला की आवाज आतून वाळतो, आपल्याला कळत नाही, पण शाईला कळत असेल. बाबांना सकाळ-संध्याकाळ मिठाच्या गुळण्या लावल्या आहेत. ज्येष्ठमधाची काडी तोंडात. ते निमूटपणे सगळं करतात, एवढंच म्हणाले, "घशाला काय झालंय माझ्या? मी तर गातोसुद्धा." मग नाइलाजाने ओळी गेल्याचं सांगितलं. किती, ते मात्र नाही सांगितलं.

ते खुर्चीत बसले. मग म्हणाले, "मी वाचतो ना गं नीट?"

"तुमच्यासारखं कोणीच वाचत नाही, बाबा."

त्यावर त्यांचा चेहरा असा झाला, की मला वाटलं कौतुकाने गहिवरले.

दुपारी मात्र जोरदार भांडण झालं. मी खोली आवरताना स्टूल खिडकीपाशी सरकवलं, ते त्यावर धडकले आणि नडगी सोलून घेतली. केवढा आरडाओरडा! "माझ्या घरात माझी वस्तू माझ्या जागेवर राहायला नको?" मीही तोंड सोडलं. म्हटलं, एवढं ढळढळीत स्टूल, समोर बघून चालायला काय होतं? ते वाकून स्टूल जुन्या जागी सरकवू लागले. संध्याकाळी रोजच्यासारखं वर्तमानपत्र माझ्यापुढे सरकवलं. मला सवय राहावी म्हणून मोठ्याने वाचून दाखवायला लावतात. वर्षभर चाललंय हे. मी रागातच वाचलं. बातम्या ऐकताना ते नडगी चोळत होते.

२५ तारीख, सोमवार

आठ ओळी गेल्या. गुळण्यांचा काही उपयोग नाही.

जुनी नोंदवह्यांची खोली उघडून बसले. तीनशे वर्षांत मेलेली पानं सदतीस. एकेकाची नोंद काढून वाचली. कोणाचा आवाज बसला होता? कोणाचाच नाही. उलट, 'उत्तम वाचक', 'पन्नास वर्षांचा सराव', 'दालनात आदर्श'. एक बाई तर एक्काहत्तर वर्षांच्या, नोंद आहे की 'डोळे मिटूनही वाचू शकतील इतक्या तयार'. सदतीसच्या सदतीस जुने, मुरलेले वाचक. नवख्या, ठेचकाळणाऱ्या वाचकाचं एकही पान गेलेलं नाही.

हे असं का, ते माझ्या डोक्यात येईना. बहुतेक सराव फार झाला की गर्व होतो आणि शाईला गर्व सोसत नसावा. पण बाबांना गर्व? छे. बाबांना फक्त कोटाचा गर्व आहे.

१ तारीख, रविवार

नवा महिना लागला. आज जे झालं ते जसंच्या तसं लिहिते.

कुलूपवाल्या काकूंकडे गेले होते. दोन वर्षांत एकदाही गेले नव्हते, रस्त्यात दिसल्या तर मी पलीकडे जात असे. म्हटलं, त्यांचं पान कसं गेलं हे त्यांनाच विचारावं. जिवावर आलं होतं, पण सोळा तारीख डोळ्यांपुढे होती.

काकूंनी दार उघडलं आणि माझ्या खांद्यावरून पलीकडे बघत म्हणाल्या, "कोण आहे?"

"मी, काकू. पोथीघरातली."

"आवाज ओळखला. ये. उंबऱ्याला जप, उंच आहे."

खोली लख्ख होती. भिंतीला एका रेषेत खुंट्या, खुंट्यांवर जुन्या किल्ल्या. काकू हात न चाचपता थेट कपाटापाशी गेल्या, पेला काढला, पाणी ओतलं. ओतताना पेल्यात बोट घातलं. पाणी बोटाला लागलं, तशा थांबल्या.

मी त्या बोटाकडे बघत राहिले.

"काकू," मी विचारलं, "तुम्हाला दिसत नाही?"

"पाच वर्षं होतील. आधी कडा गेल्या, मग मधलं."

"म्हणजे पान गेलं तेव्हा..."

"तेव्हा नुसता उजेड कळायचा. पान तर पन्नास वर्षांचं पाठ. बसायचं आणि म्हणायचं."

"मग समितीसमोर बोलला का नाहीत?"

"काय बोलू? तू मला विचारलंस, घसा कसा आहे. घसा छान होता. डोळ्यांचं कोणी विचारलं नाही, आणि मी आपणहून सांगितलं असतं तर आंधळ्या बाईला बाकावर बसू दिलं असतं का तुम्ही?" मग म्हणाल्या, "आणि तू लिहिलंस ना, की माझ्या मनात ओलावा नाही. मला वाटलं, असेल बाई. आपल्याला कुठे कळतं आपल्या आतलं? दोन वर्षं शोधते आहे, कुठे आटलं ते."

मी पाणी प्यायले नाही. माफीही मागितली नाही. उठून सरळ घरी आले. बाबा दाराशी बसले होते. मी पायातल्या चपला हातात घेतल्या आणि आवाज न करता त्यांच्या समोर जाऊन उभी राहिले, दोन हातांवर. ते माझ्याकडे बघत होते आणि माझी वाट बघत होते.

चहातलं बोट, दंड, वर्तमानपत्र, स्टूल. 'समोर बघून चालायला काय होतं,' असं मी त्यांना म्हणाले होते. देवा, मी असं म्हणाले होते!

३ तारीख, मंगळवार

काल सकाळी पोथीघर उघडण्याआधी जाऊन मी नियम मोडला. पान सुलटं धरलं. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा.

अकरा ओळी उरल्या होत्या, त्यातल्या खालच्या तीन मरायला टेकलेल्या. अक्षर बारीक आहे, डावीकडे झुकलेलं, लिहिणाऱ्याला घाई असावी असं. मी फक्त दुसरी ओळ वाचली. तोंड घट्ट मिटून, ओठही न हलवता, नुसत्या डोळ्यांनी, अक्षरामागून अक्षर. मग पेटी बंद केली.

आज सकाळी दिवा लावला. दुसरी ओळ डांबरासारखी काळी. बाकीच्या फिक्या, आणि खालच्या तिन्ही गेलेल्या. त्या तीन मी काल वाचल्या असत्या तर वाचल्या असत्या. प्रयोगापायी घालवल्या. आता आठ.

म्हणजे शाई आवाजावर जगतच नाही. ती डोळ्यांवर जगते. चारशे वर्षं आपण घसे जपले, गुळण्या केल्या, खोकला झाला की तारीख पुढे ढकलली, आणि डोळ्यांबद्दल कोणाला एक शब्द विचारला नाही. ज्यांचं पान पाठ झालं, त्यांनी बघणं सोडलं. त्यांनाच आपण आदर्श म्हणालो, आणि पान मेलं की त्यांच्याच मनाला दोष दिला. मी स्वतः दिला.

६ तारीख, शुक्रवार

तीन दिवस गिळून बसले होते. आज जेवणं झाल्यावर म्हटलं, "बाबा, किती वर्षं झाली?"

कशाला असं त्यांनी विचारलं नाही. "नीट दिसेनासं होऊन तीन," म्हणाले. "दवाखान्यात जाऊन आलो होतो. तू कामावर असताना. डोळ्यामागची नस सुकली म्हणाले. उपाय नाही."

"मला का नाही सांगितलंत?"

"तू तपासनीस. तुला सांगितलं असतं तर लिहावं लागलं असतं तुला." मग म्हणाले, "कात्री गेली, सुई गेली. महिन्यातून एक दिवस कोट घालून जायला एक जागा उरली होती. ती पण देऊन टाकू?"

मी त्यांना शाईचं सांगितलं. त्यांना ते समजायला वेळ लागला. समजल्यावर दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. "म्हणजे मीच मारलं," म्हणाले. "दिसत होतं तेव्हाही शेवटी शेवटी मी डोळे मिटूनच म्हणायचो गं. मिटल्यावर ती दलदल दिसायची मला. किती छान वाटायचं."

आम्ही दोघंही रडलो. लिहायला लाज कसली?

मग त्यांनीच तोड काढली. मी सकाळी लवकर जाऊन आठ ओळी डोळ्यांनी वाचून घ्यायच्या, त्यांनी नंतर बाकावर बसून म्हणायचं. शाई राहील, बाक राहील. समितीला म्हणायचं की ओल होती, आता काढली. अर्ध्याहून अधिक ओळी गेल्या हे खरं, पण उरलेल्या झपाट्याने काळ्या होताना दिसल्या की कारभारी सहा महिने तरी देतील. "कोणाला कळणार आहे?" बाबा म्हणाले.

कोणालाच नाही कळणार. मी हो म्हणाले. आणि मला सुटल्यासारखं वाटलं, हेही लिहून ठेवते.

७ तारीख, शनिवार

सकाळी आठही ओळी वाचल्या. एवढा वेळ लागतो! जुनी वळणं कळत नाहीत, एकेका अक्षरापाशी थांबावं लागतं. पण शेवटी आठव्या ओळीपर्यंत आले. तिथे माणूस दलदलीच्या बरोबर मधोमध पोचतो. 'येथे थांबू नको' असं आहे. पुढे कोरा कागद.

दालनात सतरावं पान वाचायला गाणंमास्तर आले होते. ऐंशीचे. डोळे मिटून, मान डोलावत, तल्लीन होऊन म्हणाले. बाकीच्यांनी नेहमीसारखं थांबून ऐकलं. मी वाचकांची यादी काढून मोजलं. सत्तरीच्या पुढचे असे नऊ वाचक आहेत.

८ तारीख, रविवार

काकूंचं बाबांना सांगितलं नव्हतं. आज वर्तमानपत्र वाचता वाचता मधेच सांगून टाकलं. बोट, पेला, आणि त्या काय म्हणाल्या ते.

"तिला असं वाटलं?" बाबा म्हणाले. "दोन वर्षं?"

"हो."

"आणि तू त्याच्यावर काही बोलली नाहीस?"

"नाही बोलता आलं, बाबा."

ते उठले. खुंटीवरचा कोट काढला, बटणं लावली, सगळी बरोबर लावली. म्हणाले, "चल. मला कारभाऱ्यांच्या घरी ने."

मी म्हटलं, आज रविवार आहे. म्हटलं, सोळा तारखेपर्यंत थांबू, विचार करू. म्हटलं, तुमचा बाक जाईल.

"जाऊ दे," ते म्हणाले. "ती बाई घरी बसून आपलं मन चाचपते आहे आणि मी कोट घालून मिरवू? चपला कुठे ठेवल्यास माझ्या?"

जागच्या जागीच होत्या. त्यांना घाईत सापडत नव्हत्या.

१० तारीख, मंगळवार

कारभाऱ्यांनी सगळं ऐकून घेतलं. आज माझ्यासमोर त्यांनी स्वतः एका मेलेल्या वाटणाऱ्या, पण अजून धुगधुगी असलेल्या पानावर तोच प्रयोग केला, त्या वाचकाची परवानगी घेऊन. ओळ काळी झाली. ते बराच वेळ दिव्यासमोर बसून राहिले. त्यांचे आजोबा त्या सदतीस जणांतले होते, हे मला आजच कळलं.

मग एकेक निर्णय सांगितला. सदतीसही नोंदींतलं ते वाक्य खोडायचं. काकूंकडे कारभारी स्वतः जाऊन आले. मीही मागोमाग गेले आणि या वेळी माफी मागितली. काकू म्हणाल्या, "आधी बस. पान कोरं झालं तरी माझ्याकडे एकोणीसच्या एकोणीस ओळी आहेत. त्या शीक. नंतर माफीचं बघू." दर रविवारी बोलावलं आहे.

सगळ्या वाचकांचे डोळे तपासणार. ज्यांना दिसत नाही त्यांच्या जागी घरातलं दुसरं माणूस बसेल. आमच्या घरात दुसरं माणूस मीच. पण तपासनिसाला बाक नाही.

"दोन्ही मिळणार नाही, बाई," कारभारी म्हणाले. "आणि दुसरं असं, की तुम्ही नियम मोडून पान पाहिलंत. पाहिलंत म्हणून हे कळलं, तरीही ते लिहावं लागेल."

मी दिवा आणि रंगपट्टी त्यांच्या टेबलावर ठेवली. सव्वीस वर्षं. घरी येताना हात मोकळे मोकळे वाटत होते आणि वाईटही वाटत होतं.

१६ तारीख, सोमवार

समिती बसली, पण पान मृत लिहायला नाही, ऐकायला. दालन भरलेलं. गाणंमास्तर पहिल्या रांगेत, काकू त्यांच्या शेजारी. बाबांना माझ्या बाजूला बसायची परवानगी मिळाली होती, पण अट होती. मी वाचत असताना त्यांनी बोलायचं नाही. आवाज ऐकून मी म्हणत सुटले तर डोळे अक्षरावरून सुटतील, आणि एवढ्या नाजूक शाईला ते परवडायचं नाही.

इतकं वाईट वाचन मी सव्वीस वर्षांत ऐकलेलं नाही. पहिली ओळ कशीबशी निघाली. दुसरी माझ्या ओळखीची. तिसरीत दोनदा मागे गेले. बाबा जे दहा मिनिटांत म्हणायचे, त्याच्या तिसऱ्या हिश्शाला मला अर्धा तास लागत होता. मागे कोणीतरी खोकलं. चौथ्या ओळीत एका अक्षरापाशी मी ठार अडले. वळण ओळखीचं नाही, शाई अंधुक. बाबांचा श्वास माझ्या कानाशी ऐकू येत होता. त्यांना तो शब्द येत होता. साठ वर्षं येत होता. त्यांचा गुडघा माझ्या गुडघ्याला लागला होता. मी त्या अक्षराकडे बघत राहिले, बघत राहिले, आणि कसंबसं काहीतरी म्हणून पुढे गेले.

आठवी ओळ संपली. 'येथे थांबू नको.' मी थांबले, कारण पुढे पान कोरं होतं. मी म्हटलं, "बाबा."

ते उभे राहिले. पानाकडे नाही, समोर लोकांकडे तोंड करून, उरलेल्या तेरा ओळी त्यांनी म्हटल्या. दालनात दुसरा कोणी वाचत नव्हता, त्यामुळे पहिल्यांदाच सगळ्यांना त्या स्पष्ट ऐकू आल्या. कोणत्या गवतावर पाय द्यायचा, कुठे झोपून सरकायचं, सोबत म्हातारं माणूस असेल तर त्याला पुढे ठेवायचं की मागे. पलीकडचा काठ आला तेव्हा काकूंनी पदराने डोळे पुसले. कागदावर एक ठिपकाही उमटला नाही. त्या तेरा ओळी आता बाबांच्याच जवळ आहेत, आणि उद्यापासून मला त्या पाठ करायच्या आहेत.

कारभाऱ्यांनी दिवा लावून पाहिलं आणि नुसती मान हलवली. आठही काळ्या.

घरी परतताना कापडबाजारातून आलो. दुकानं बंद होत होती. बाबा माझा दंड धरून चालत होते. बरंच अंतर गेल्यावर म्हणाले, "चौथ्या ओळीत चुकलीस तू."

"माहीत आहे. मग हळूच सांगायचं होतंत ना. कोणाला कळलं असतं?"

"सांगितलं असतं," ते म्हणाले, "तर तू पान सोडून माझ्याकडे बघितलं असतंस."